मल्याळी सिनेमातली आंतरधर्मीय प्रेमं : भेटायला जागाच नसते

फेरीबोट :
मंडळी, धागा लांबणार आहे, चहा घेऊन बसा. आणि स्पॉयलर असणारेत, नंतर बोंबलू नका.

गेल्या रविवारी 'अन्नायुम रसूलुम' परत बघितला, तिसऱ्यांदा. राजीव रवीचा २०१३ चा सिनेमा, फहाद फाझिल आणि अँड्रिया जेरेमाया. रसूल फोर्ट कोचीकडचा मुसलमान टॅक्सी ड्रायव्हर, अन्ना वायपीन बेटावरची लॅटिन कॅथलिक मुलगी, एर्नाकुलमला साडीच्या दुकानात सेल्सगर्ल. पुढं काय होणार ते पंधरा मिनिटांत कळतं तरी आपण बसून राहतो.

मी नोकरीसाठी अडीच वर्षं कोचीत होतो आणि खोली वायपीनला होती, त्यामुळं ती बोट माझी रोजची. २००४ ला गोश्री पूल झाले, बस सुरू झाल्या, पण सवयीचे लोक अजून बोटीनंच जातात. सकाळच्या बोटीत प्रत्येकाची जागा ठरलेली, डब्याच्या पिशव्या मांडीवर, ओल्या केसांचा वास, आणि इंजिनचा असला धडधडाट की शेजारच्याशी बोलायचं तरी कानात ओरडावं लागतं. मग लोक बोलतच नाहीत, नुसते बघतात. सिनेमात रसूल अन्नाच्या बोटीत चढतो आणि बघत बसतो, तेव्हा मित्र म्हणाला किती स्लो आहे रे, आणि मी म्हटलं बाबा ती बोट तशीच असते, दुसरं करणार काय त्यात. लोकेशनवरचाच आवाज रेकॉर्ड केलेला असल्यानं ती बोट खरी वाटते, स्टुडिओतली नाही.

तर माझं म्हणणं असं की मल्याळी सिनेमात ह्या जोड्या खऱ्या वाटतात त्याचं कारण शेवट दुःखी असतो हे नाही, दुःखी शेवट तर आपल्याकडंही ढीगभर आहेत. कारण हे की त्यांना भेटायला जागा कुठंय हा प्रश्न दिग्दर्शक नीट सोडवत बसतो. बोट, साडीचं काउंटर, बसस्टॉप, पोलीस ठाण्यातला बाक. हिंदी सिनेमात प्रेमात पडले की एकदम स्वित्झर्लंड. इथं प्रेमात पडले की प्रश्न सुरू होतो, उद्या कुठं भेटायचं, आणि कोण बघेल.

साडीच्या दुकानाबद्दल एक सांगतो. केरळात कापडदुकानातल्या बायकांना दिवसभर बसायचीसुद्धा मुभा नसायची, स्टूलच ठेवत नसत. कोळिकोडच्या 'पेनकूट्टु' संघटनेनं त्यासाठी वर्षानुवर्षं भांडण केलं आणि २०१८ ला राज्यानं दुकान कायद्यात दुरुस्ती करून बसायचा हक्क दिला. सिनेमा त्याच्या पाच वर्षं आधीचा. त्या पोरीला पाय दुखत असताना उभ्याउभ्या प्रेम करायचं होतं हे लक्षात घेऊन बघा.

तुम्ही काय काय बघितलंय? लिहा.

मोगरा_नऊ :
छान धागा, वाचतेय. 'तट्टत्तिन मरयत्तु' विसरलात का? २०१२, विनीत श्रीनिवासन, निविन पॉली आणि ईशा तलवार. तलश्शेरीचा हिंदू मुलगा विनोद आणि मुसलमान मुलगी आयेशा. मी कॉलेजात असताना होस्टेलवर मल्याळी मुलींनी बळंच दाखवला होता आणि मग आम्ही सगळ्याच महिनाभर त्याची गाणी गुणगुणत होतो अर्थ न कळता. तट्टम म्हणजे मलबारातल्या मुसलमान बायका डोक्यावरून घेतात ती ओढणी, त्या तट्टमच्या आड, असं नाव.

घाटावरचा :
मोगरा, तो गोड आहे पण रिअलिस्टिक? माझं वैयक्तिक मत, नाही. हिरो पोलिसांना आपली लव्हस्टोरी सांगतो आणि पोलीसच मदतीला लागतात. असा इन्स्पेक्टर कुठं मिळतो पत्ता द्या.

मोगरा_नऊ :
हाहा, मिळाला तर मलाच आधी हवाय. पण तलश्शेरी खरी आहे ना त्यात. त्या पय्यन्नूर कॉलेजच्या व्हरांड्यातल्या वाऱ्याबद्दल तो जे बोलतो त्यावर आमच्या होस्टेलात अख्खी रूम हाय हाय करायची.

फेरीबोट :
घाटावरचा, मग तुम्ही 'किस्मत' बघाच. २०१६, शानवास बावकुट्टी, शेन निगम आणि श्रुती मेनन. पोन्नानीतल्या खऱ्या घटनेवरून केलाय. मुलगा मुसलमान, २३ वर्षांचा, मुलगी दलित, २८ ची. दोघं संरक्षण मागायला पोलीस ठाण्यात जातात, आणि पोलीस काय करतात तर दोघांच्या घरी कळवतात. बराचसा सिनेमा त्या ठाण्यातच. विनय फोर्टनं तो सबइन्स्पेक्टर असा केलाय की तो एकदाही हात उचलत नसता तरी चाललं असतं, त्याच्या विचारण्यातच सगळा मार आहे. 'तट्टत्तिन मरयत्तु' मधला इन्स्पेक्टर आणि हा, एकाच मलबारातले, चार वर्षांच्या अंतरानं.

शिंपला :
धागाकर्ते, तुम्ही बोटीवर लट्टू झालाय पण एक अवघड प्रश्न विचारू का. रसूल जे करतो त्याला साध्या भाषेत पाठलाग म्हणतात. बोटीत मागं, बसमध्ये मागं, दुकानाबाहेर उभा. ती पोरगी सबंध पूर्वार्धात जेमतेम चार वाक्यं बोलते. आम्ही रोज ट्रेननं जाणाऱ्या बायका असल्या 'नुसतं बघणाऱ्या' रसूलांना चांगलं ओळखतो, आणि प्रत्येकाच्या डोक्यात तो फहादच असतो. पुरुष लिहितात, पुरुष शूट करतात आणि मग आपण त्याला वास्तववाद म्हणतो.

आणि दुसरं, मरतं कोण? अन्ना. तिनंच जीव द्यायचा आणि ह्यानं आठवणीत झुरायचं.

फेरीबोट :
शिंपला, पहिला मुद्दा मान्य, वाद नाही. मी तिसऱ्यांदा बघताना मलाही टोचलं ते, पहिल्या दोन वेळा नाही टोचलं हे पण कबूल करतो.

आजोबा_बेळगाव :
मी वयानं इथं बहुधा सगळ्यांत थोरला त्यामुळे जुनं काढतो, सहन करा. १९६५ चा 'चेम्मीन', रामू करियात, तकळींच्या कादंबरीवरून. आम्ही फिल्म सोसायटीत बघितला होता, प्रिंट इतकी खराब की समुद्र कुठे संपतो आणि ओरखडे कुठे सुरू होतात ते कळेना, पण सलील चौधरींचं संगीत आणि मन्ना डेंनी मल्याळीत म्हटलेलं ते 'मानसमैने वरू' ऐकून हॉलमधले आम्ही सगळे बेळगावकर गप्प. परीकुट्टी हा मुसलमान व्यापारी, करुत्तम्मा हिंदू कोळ्याची मुलगी. त्या कोळ्यांत समजूत अशी की नवरा समुद्रात असताना किनाऱ्यावर बायकोचं पाऊल वाकडं पडलं तर कडलम्मा, म्हणजे दर्यामाता, त्याला गिळते. शेवटी ते दोघं किनाऱ्यावर मेलेले सापडतात आणि तिकडे तिचा नवरा समुद्रात जातो. दक्षिणेतला राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालेला पहिला सिनेमा तो.

आता गंमत बघा, ४८ वर्षांनी अन्ना आणि रसूल, पुन्हा पाणीच, पण आता शाप द्यायला दर्यामाता नाही. भाऊ आहे, शेजारी आहेत, पोलीस आहेत. शिंपलाताई म्हणतात ते मात्र तेव्हाही तसंच, समुद्र शिक्षा करतो ती बाईच्या पावलाबद्दल, परीकुट्टीच्या नव्हे.

शिंपला :
आजोबा, नमस्कार घ्या. नेमकं हेच म्हणायचं होतं.

दगडूशेठ_नव्हे :
सगळे इकडचं तिकडचं बोलताय, 'केरला स्टोरी' चं नाव कोणीच घेत नाही. तेही केरळच ना? तेही आंतरधर्मीयच ना? की ते सोयीचं नाही?

घाटावरचा :
आला बघा. पॉपकॉर्न घेतो.

फेरीबोट :
दगडूशेठ, तो हिंदी सिनेमा, मल्याळी नाही, म्हणून धाग्यात नाही. आणि टीझरमधला ३२,००० धर्मांतरित मुलींचा आकडा निर्मात्यांनाच मागं घ्यायला लागला, सुप्रीम कोर्टात डिस्क्लेमर घालायचं कबूल केलं, २०२३ मध्ये. त्यावर वेगळा धागा काढा, मी येतो भांडायला. इथं नको.

एवढंच सांगतो की २००९ पासून तो 'ल' आणि 'ज' चा जोडशब्द केरळात फिरतोय, त्यानंतर आलेला प्रत्येक असा सिनेमा त्या शब्दाच्या सावलीतच बनलाय. हादिया प्रकरणात हायकोर्टानं मुसलमान झालेल्या सज्ञान मुलीचं मुसलमानाशी झालेलं लग्न रद्द केलं आणि २०१८ च्या मार्चमध्ये सुप्रीम कोर्टानं ते परत ग्राह्य धरलं, हे सगळं तिथल्या लोकांनी घरच्या टीव्हीवर रोज बघितलंय. 'तट्टत्तिन मरयत्तु' मध्ये हिंदू मुलगा-मुसलमान मुलगी, हे सोपं जातं. उलटं केलं की लगेच लोक मोजपट्टी घेऊन येतात.

निळीशाई :
उलटं आणि सुलटं हा मुद्दा इंटरेस्टिंग आहे. पण हिंदू-ख्रिश्चन असलं की मल्याळी सिनेमा एकदम रिलॅक्स होतो हे बघितलंय का? 'ओम शांती ओशाना', २०१४. पूजा मॅथ्यू ख्रिश्चन, गिरी माधवन हिंदू, आणि सबंध सिनेमात कटकट एकच की हा माणूस माझ्याकडं बघत का नाही. धर्माचा विषय जवळपास येतच नाही. 'अनुराग करिक्किन वेळ्ळम' मध्ये पण अभिलाष आणि एलिझाबेथ, तिथं ब्रेकअप होतो तो तो कंटाळला म्हणून, आणि रजिशा विजयनला त्या भूमिकेसाठी स्टेट अवॉर्ड मिळालं. १९९७ ला फाझिलच्या 'अनियत्तिप्रावु' मध्ये हिंदू-ख्रिश्चन जोडीला पळून जावं लागलं होतं, आयांकडं बघून परत यावं लागलं होतं. आता नाही लागत म्हणे.

घाटावरचा :
म्हणजे केरळात हिंदू-ख्रिश्चन लग्न सोपं झालंय असं? की सिनेमावाल्यांना सोपं दाखवायचंय?

वकीलमामा :
मी केरळात नसतो पण विशेष विवाह कायद्याची कामं करतो म्हणून थोडं. १९५४ चा कायदा, दोघांनी धर्म न बदलता लग्न करायचं तर हाच नेहमीचा रस्ता. त्यात ३० दिवस आधी नोटीस द्यावी लागते, दोघांपैकी एकजण त्या जिल्ह्यात किमान ३० दिवस राहत असला पाहिजे, आणि ती नोटीस कार्यालयात ठळक जागी लावतात. नाव, वय, पत्ता, सगळं. कुणीही यावं, वाचावं. लग्नाच्या वेळी तीन साक्षीदार. मी म्हणतो फेरीबोट भेटायला जागा नाही म्हणतायत, इथं सरकारनंच एक भिंत दिलीय जिथं तुमची भेट महिनाभर टांगून ठेवतात.

केरळात तर ह्या नोटिसा खात्याच्या वेबसाइटवर टाकत असत. लोक त्या उचलून व्हॉट्सॲपवर फिरवायला लागले, फोटो-पत्त्यांसकट, मग २०२० च्या जुलैत ऑनलाइन टाकणं बंद केलं. भिंतीवर लावणं चालूच, ते केंद्राच्या कायद्यात आहे.

अजून एक जे पक्षकारांना सांगितलं की चेहरा पडतो : कलम १९. एकत्र हिंदू कुटुंबातला माणूस ह्या कायद्यानं दुसऱ्या धर्मात लग्न करतो तेव्हा तो त्या कुटुंबातून कायद्यानं वेगळा झाला असं धरतात. घरचे बोलणं सोडोत न सोडोत, कायदा आधीच वाटणी करून मोकळा.

तांबडी_माती :
वकीलमामा, आमच्या गोंयांत सगळ्यांचंच लग्न आधी सिव्हिल रजिस्ट्रारकडे, हिंदू असो कॅथलिक असो मुसलमान असो. दोनदा सही करायला जावं लागतं, मधे काही दिवस ठेवतात आक्षेपासाठी. त्यामुळे नोटीस लागली म्हणून कुणी दचकत नाही, सगळ्यांचीच लागते. दचकतात ते पाद्रीकडे गेल्यावर. माझ्या मावसबहिणीनं कॅथलिक मुलाशी केलं तेव्हा सहीला अर्धा तास आणि 'मुलं कुठल्या धर्मात' ह्याला आठ महिने.

घाटावरचा :
आठ महिने! तोवर मूलच झालं असतं. (गंमत म्हणून घ्या)

निळीशाई :
बरं, मेन मुद्दा कुणीच काढला नाही म्हणून मी काढते. 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'. पायल कपाडिया, २०२४, कान महोत्सवात ग्रां प्री बक्षीस. मुख्य स्पर्धेत भारतीय सिनेमा ३० वर्षांनी गेला, आणि आधीचा पण मल्याळीच होता, शाजी करुण यांचा 'स्वाहम'. हा तर बराचसा मल्याळीत, आणि घडतो आपल्या मुंबईत आणि रत्नागिरीकडं. प्रभा आणि अनु, दोघी मल्याळी नर्सा, एका खोलीत राहतात. अनुचा मित्र शियाझ मुसलमान. फेरीबोट म्हणतात ती जागेची गोष्ट ह्यात तर पार हाडापर्यंत जाते. दोन कोटी लोकांच्या शहरात ह्या दोघांना एक दार बंद करता येईल अशी खोली नाही.

बुरख्याचा प्रसंग आठवा. शियाझचे घरचे लग्नाला जाणार, घर रिकामं, म्हणून अनु त्याच्या मोहल्ल्यात ओळखू येऊ नये म्हणून बुरखा विकत घेते. आणि ती निघालेली असताना मेसेज येतो, पाऊस, ट्रेन बंद, घरचे गेलेच नाहीत. बस. ना भांडण ना तलवार. मुंबईचा पाऊस हा व्हिलन. मी थिएटरात जोरात हसले आणि मग गळा भरून आला, कारण ते इतकं आपलं आहे, लोकल बंद पडली म्हणून बुडालेल्या भेटी कुणाच्या आयुष्यात नाहीत.

लाटा_मोजणारा :
मी रत्नागिरीचा. छाया कदमनं केलेली पार्वती, हॉस्पिटलात स्वयंपाक करणारी, कागद नाहीत म्हणून बिल्डर चाळीतनं काढतो आणि ती गावी परत येते, ती बाई आमच्या वाडीत चार घरांत आहे. तिचं मराठी ऐकून आईनं विचारलं ही आपल्याकडचीच काय गो. प्रभा आणि अनु तिला पोचवायला येतात, शियाझ मागनं गावात येतो आणि अनु-शियाझला जागा मिळते ती शेवटी कुठं, तर गुहेत आणि झाडीत. तिथं त्यांना कुणी ओळखत नाही. आमच्याकडं मुंबईला पळून जातात कुणी ओळखू नये म्हणून, आणि ही मुंबईची पोरं आमच्याकडं आली, ह्याची मला गंमत वाटत राहिली.

शिंपला :
आणि इथं अनु बोलते! हसते, मागते, रागावते, हट्ट करते. बाईनं लिहिल्यावर किती फरक पडतो बघा. शेवटी प्रभा, जी आधी तिला तोडून बोललेली असते, तीच म्हणते त्याला बोलव, मला माहितीय तो इथं आहे. तेवढंच. समुद्रावरच्या टपरीत चौघं बसतात. आजोबा, हे पण पाणीच, पण कुणी बुडत नाही.

आजोबा_बेळगाव :
बघितला पाहिजे. नातवाला सांगतो लावून द्यायला.

घाटावरचा :
पण हा मल्याळी सिनेमा धरायचा का? दिग्दर्शिका मल्याळी नाही, पैसा बराचसा फ्रान्सचा.

निळीशाई :
माणसं मल्याळीत प्रेम करतात, मल्याळीत खोटं बोलतात, मला पुरे.

फेरीबोट :
भाषेवरनं आठवलं, हे लिहायचंच राहिलं होतं. मल्याळीत नावावरनं धर्म कळेलच असं नाही. शाजी, साजी, बिजू, बेबी, हे कुठल्याही घरात सापडतं. आपल्याकडं आडनाव विचारलं की कुंडली हातात येते, तिथं बऱ्याचदा इनिशियल असतं नुसतं. मग कळतं कशावरनं, तर हाकेवरनं. मोठ्या भावाला, किंवा प्रियकराला, मुसलमान घरात इक्का म्हणतात, हिंदूंत चेट्टन, मध्य त्रावणकोरच्या ख्रिश्चनांत इच्चायन. पोरीनं हाक मारली की सगळ्या बसला कळलं. आणि सबटायटलमध्ये काय येतं? 'ब्रदर'. किंवा काहीच येत नाही. मी मल्याळी शिकायच्या आधी पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला वाटायचं ह्या सिनेमांत धर्माबद्दल कुणी बोलतच नाही किती संयत आहे वगैरे. अहो ते दर दोन मिनिटांनी बोलतात, आपल्याला दिसत नाही.

मीठभाकर :
नेहमी वाचनमात्र असते, आज हाकेवरनं राहवलं नाही म्हणून लिहितेय, चुकलंमाकलं सांभाळून घ्या.

मी नाशिकची, हिंदू. नवरा कोट्टयमकडचा सिरियन ख्रिश्चन (केरळातला जुना ख्रिश्चन समाज). १४ वर्षं झाली लग्नाला, राहतो पुण्यात. आमच्यात कुणी पळून गेलं नाही, कुणी मारलं नाही, त्यामुळे आमच्यावर सिनेमा निघणार नाही. तुम्ही सगळे लग्न होईपर्यंतचं बोलताय, सिनेमे पण तिथंच थांबतात, एक तर मरतात नाहीतर रजिस्ट्रारकडं सही करतात.

मी सुरुवातीला सासूला अम्मा म्हणायचे. मला वाटायचं मल्याळीत आई म्हणजे अम्मा, किती सोपं. त्या ओ द्यायच्या पण काहीतरी अडायचं. दोन वर्षांनी नणंदेनं सांगितलं की आमच्यात अम्मच्ची म्हणतात, अम्मा म्हटलं की तिला शेजारच्या हिंदू नायरांच्या घरची सून हाक मारतेय असं वाटतं. मी अम्मच्ची म्हणायला लागले त्या दिवशी त्या काही बोलल्या नाहीत, फक्त ताटात दुसऱ्यांदा मासा वाढला.

आणि पेसहाची गोष्ट. गुड फ्रायडेच्या आदल्या दिवशी, गुरुवारी रात्री, त्यांच्याकडं तांदूळ-उडदाचा न आंबवलेला अप्पम करतात, त्यावर झावळीचा क्रूस ठेवतात, आणि नारळाचं दूध-गूळ घालून केलेल्या पालात बुडवून खातात. प्रार्थना झाली की घरातला कर्ता पुरुष कापून वयाच्या क्रमानं वाटतो. जुन्या लोकांत तो ख्रिश्चन नसलेल्याला देत नाहीत. मला हे माहीत नव्हतं, पहिल्या वर्षी मी आपली सगळ्यांबरोबर रांगेत हात जोडून उभी. सासरे वाटत वाटत आले, दीर, मग माझा नवरा, मग मी. त्यांचा हात थांबला. फार नाही, तुम्ही श्वास घ्याल तेवढा. स्वयंपाकघराच्या दारातनं अम्मच्ची बघत होत्या. मग त्यांनी तुकडा दिला, आणि पुढं गेले. त्यावर आजतागायत आमच्या घरात कुणी बोललेलं नाही. मला त्याचा अर्थसुद्धा कितीतरी वर्षांनी कळला, नवऱ्यानं सांगितला, तेही गाडी चालवताना, समोर बघत.

असं काही सिनेमात दिसलं तर सांगा, मी बघेन.

शिंपला :
…

आजोबा_बेळगाव :
मीठभाकर, लिहीत जा.

मोगरा_नऊ :
अंगावर काटा आला. ताई, आणि मुलांचं काय केलंत? नको असेल तर सांगू नका.

मीठभाकर :
मुलगी आहे, ११ ची. शाळेच्या फॉर्मवर धर्माचा रकाना रिकामा ठेवला होता तर खिडकीतल्या बाईंनी फॉर्म परत दिला, काहीतरी भरा म्हणाल्या, सिस्टिम घेत नाही. नवऱ्यानं माझ्याकडं बघितलं, मी त्याच्याकडं. काय भरलं ते नाही सांगत.

घाटावरचा :
'तोंडिमुतलुम दृक्साक्षियुम' आठवला एकदम. तिथं दोघं हिंदूच, पण जात वेगळी, तो एळवा, ती नायर, म्हणून घरच्यांपासून लांब पार कासरगोडला जाऊन दुष्काळी जमिनीत संसार मांडतात. सिनेमा सोनसाखळीच्या चोरीबद्दल आहे, लग्नाबद्दल नाही, पण ती जोडी नवीन गावात एकटी असल्यामुळंच पोलिसांसमोर इतकी उघडी पडते. लग्नानंतरचं थोडं आहे त्यात. मी इतका वेळ थट्टा करत होतो, सॉरी.

मीठभाकर :
सॉरी कशाला, आठ महिन्यांवर मी पण हसले. बघते हा.

वकीलमामा :
लग्नानंतरचं म्हणाल तर खऱ्या आयुष्यातले 'एन्नु निन्टे मोइदीन' वाले. मुक्कम गावचे मोइदीन आणि कांचनमाला. २०१५ चा सिनेमा, पृथ्वीराज आणि पार्वती. लग्न झालंच नाही, तिला घरात कोंडून ठेवलेलं, दोघांनी चिठ्ठ्यांसाठी स्वतःची लिपी बनवली होती. १९८२ मध्ये इरुवञ्ञी नदीत होडी उलटली, लोकांना वाचवताना तो बुडाला. ती त्याच्या घरी जाऊन राहिली, त्याची विधवा म्हणून, त्याच्या नावानं संस्था चालवली. हे कुठल्या कलमात बसवायचं मला अजून कळलेलं नाही.

शिंपला :
भेटायला जागा नाही म्हणून लिपी बनवली. फेरीबोट, घ्या, तुमच्या मुद्द्याला अजून एक.

दगडूशेठ_नव्हे :
मीठभाकर यांचा प्रतिसाद आवडला. बाकी माझं मत कायम.

फेरीबोट :
चालेल.

काल रात्री आईबरोबर 'किस्मत' लावला. आई ७१ ची, सांगलीबाहेर फार राहिलेली नाही, सबटायटल वाचायला वेळ लागतो म्हणून मधेमधे थांबवून मी सांगत होतो कोण मुसलमान, कोण कुठल्या जातीची, सबइन्स्पेक्टर आता काय म्हणाला. मला धाकधूक होती ती काय म्हणेल ह्याची, कारण माझ्या चुलतबहिणीच्या वेळी आमच्या घरात काय झालं ते मला आठवतंय आणि आई तेव्हा कुणाच्या बाजूनं होती तेही. संपल्यावर ती चष्मा पुसत बसली बराच वेळ. मग म्हणाली, "ती पोरगी सकाळपासनं ठाण्यात बसलेली. तिला कुणी काही खायला दिलं का रे?"

मला आठवेना. आत्ता परत लावून बघतोय.